चार अंश

एकवीस मार्च. कोंडिविट्याच्या टेकडीवर
उजाडायच्या आधीच मी हजर,
पिशवीत होकायंत्र, सुतळी, ओळंबा
आणि घरून लिहून आणलेला निष्कर्ष:
आज दिवस-रात्र समसमान,
आज पहिला किरण दारातून नीट आत येईल
आणि स्तूपाच्या पोटावर टेकेल.

पहारेकरी हरिश्चंद्र गमरे झाडत होते.
"तुमचा सूर्य लेट आहे," म्हणाले.
"समोर ती काचेची बिल्डिंग झाली ना, तेव्हापासून."

सात वाजून अकरा मिनिटं.
गच्चीवरच्या पाण्याच्या टाक्यांमधून वाट काढत
आला एकदाचा. आत आला,
स्तूपाला न शिवता
डावीकडच्या भिंतीवर जाऊन पडला.

सुतळी ताणली. चार अंश.
बिल्डिंग वजा केली, दोन हजार वर्षं वजा केली,
तरी दार चार अंश दक्षिणेला ते दक्षिणेलाच.
इतका हिशेबी माणूस
इथंच कसा चुकला?

गमरे झाडू टेकवून उभे.
"हात लावून बघा."
उन्हात टाकीच्या खुणा उमटल्या होत्या,
कणसावरच्या दाण्यांसारख्या, सगळ्या एकाच बाजूला कललेल्या.
"माझा बाप जात्यांना टाकी लावत फिरायचा,
कुर्ल्यापासून मरोळपर्यंत.
ऊन डाव्या खांद्यावरून हवं म्हणायचा.
नाहीतर आपलाच हात आपल्या सावलीत,
आणि बोट गेलंच.
टाकीचे घाव दगड सोसतो, असं म्हणतात सगळे.
डोळ्यांचं कोण बोलतं?"

मी वहीत लिहिलं: डावा खांदा.
मग खोडलं. मग पुन्हा लिहिलं.
याला पुरावा म्हणत नाहीत, मला माहीत आहे.

निघायला हवं होतं, पण बसून राहिले.
दुपारी चार वाजून वीस मिनिटांनी
पाठ फिरवून पश्चिमेला गेलेला सूर्य
समोरच्या काचांवर आपटून मागे आला
आणि दारातून थेट
स्तूपाच्या पोटावर. बरोबर मध्यावर.
सहा मिनिटं.

गमऱ्यांनी टोपी काढली, की घाम पुसायला, कळलं नाही.
"हा नवीन आहे," म्हणाले,
"त्या काचा लावणाऱ्याला विचारायला पाहिजे
कशासाठी लावल्या."