आधीचं कॉलेज

स्कोअररच्या टेबलाशी मला एकोणीस हिवाळे झाले.
त्याआधी मी धान्याच्या कोठारावर वजनकाट्याला होतो :
भरला ट्रक तोलायचा, रिकामा तोलायचा,
मधला फरक तो गहू.
पेन्सिल अजून तशीच, कानामागे.

लेमार गिलरी आमच्या गावात आला तेव्हा
फॉर्मवर 'आधीचं कॉलेज' ह्यापुढे एकच ओळ होती.
त्याने मुंगीएवढ्या अक्षरांत तीन नावं बसवली
आणि हात सवयीने पुढे गेला म्हणून
आमचंही लिहिलं, मग खोडलं.

पहिलं लुइझियानात, आईच्या घरापासून बसने चाळीस मिनिटं.
डिसेंबरात कोच बदलला, नव्याला उंच मुलं हवी होती.
दुसरं कॅन्ससमधलं ज्युनियर कॉलेज.
तिथे छप्पर गळायचं, फ्री थ्रोच्या रेषेवर बादली असायची,
आणि अजून, कोरड्या जिममध्येही,
तिथून जाताना तो अर्धं पाऊल डावीकडे घेतो.
तिसरं ओहायोत. मोठं. टीव्हीवर दिसणारं.
सत्तावीस सामने बसून होता;
उठला तो टॉवेल द्यायला.
आणि मग आम्ही : नॉर्थ डकोटा, बाराशे मुलं, उणे तीस.
जर्सी चार नंबरची. उरलेली तीच होती.

गार्ड म्हणजे राखण करणारा, मी बायकोला सांगितलं.
ती म्हणाली, राखतो कसला?
हातात आलं की देऊन टाकतोय.

ऑगीला पास छातीशी लागतो,
टोबियासला एक टप्पा टाकून,
नव्या पोराला नजरेला नजर न देता, नाहीतर बावचळतो.
हे सगळं त्याला पंधरवड्यात कळलं.
आधीच्या तीन गावांतही कळलंच असेल.
हात ओळखीचे झाले की वर्ष संपायचं.

इथे वर केलेली मूठ म्हणजे डावीकडून चढा.
ओहायोत मूठ म्हणजे थांबा.
नोव्हेंबरात एकदा त्याची मूठ वर गेली,
चौघे डावीकडे धावले
आणि तो स्वतः थांबला, चेंडू थोपटत,
मैदानाच्या मधोमध, एकटा,
कुणाची तरी वाट पाहिल्यासारखा.
माझ्या वहीत ह्याला रकाना नाही.

फेब्रुवारीतल्या एका सामन्यानंतर तो टेबलाशी आला.
गुडघ्याला बर्फाची पिशवी, तिचं पाणी माझ्या बुटांवर.
म्हणाला, दुसऱ्या अर्धातला एक असिस्ट खोडा.
पास ऑगीचा होता, मी नुसतं बोट लावलं.
मी म्हटलं, बाबा, सरासरी पाचच्या खाली जाईल.
जाऊ दे, म्हणाला,
हे सगळं मलाच पुढे वाहून न्यायचंय.
त्यात उसनं कशाला?
मी खोडलं. कागद जुना, भोक पडलं.
ते भोक अजून आहे.

मार्चमध्ये अकरा गुणांनी हरलो.
त्याची वर्षं संपली, नियमाप्रमाणे सगळी.
आई फोनवर विचारत होती, आता कुठे?
तो म्हणत होता, बघू, व्हर्नेलबाई, बघू,
आणि दोघं हसत होती. मला तरी हसल्यासारखं वाटलं.

जायच्या सकाळी बर्फाचं फावडं परत द्यायला आला.
जुनी ब्युइक, मागच्या सीटवर खोकी,
काचेला लटकवलेले बूट.
काट्यावरचा माणूस मी, सवय जात नाही,
आधी मागची चाकं पाहिली, स्प्रिंग किती दबलेत.
चार कॉलेजांचं बिऱ्हाड,
आणि गाडी रिकामीच तोलावी इतकी उंच.

कोपऱ्यावर पोचल्यावर खिडकीतून हात बाहेर आला,
मूठ वर.
इथली की ओहायोची, कळलं नाही.
गाडी उजवीकडे वळली.
मी अंगणात फावडं धरून
बराच वेळ थांबलो.