हेलपाटचं पंचांग

हेलपाट नावाचा एक मुलूख आहे.
निंभोऱ्याच्या मालधक्क्यामागे, केळीच्या वाळक्या पत्तीवर बसून
मी आणि लुकमान तडवीनं तो वसवला. सातवीत होतो.
नकाशा त्याचा. पंचांग माझं.

तिथे चंद्र दोन. एक सरळ चालणारा,
एक लंगडा. रोज उशिरा येतो आणि कारण सांगत नाही.
तिथे वार नाहीत. केळीला नवं पान सुटलं
की आठवडा संपतो.
पोंगा गुंडाळलेला आहे तोवर तोच आठवडा,
मग थंडीत तो चौदा दिवस रेंगाळो
की जूनमध्ये सहात उरको.

महिने नऊ. फुफाटा, दादर, काळणा,
वॅगनी लागत नाहीत तो रिकामा.
उसना नावाच्या महिन्याला स्वतःचे दिवसच नव्हते,
शेजारच्या महिन्याकडून पाच आणायचे
आणि परत करायचं विसरायचं.
ही कल्पना लुकमानची. त्याचा बाप धक्क्यावर घड मोजायचा,
हिशेब त्यांच्या घरात मुरलेला.

वर्ष कधी संपतं?
घड निसवला की, मी म्हणालो.
नाही भो, लुकमान म्हणाला,
एकट्याच्या सांगण्यावर वर्ष संपवायचं नाही.
दोघांनी दोन ठिकाणी पानं मोजायची.
एक केळ आमच्या थारोळ्याशी, एक त्यांच्या मोरीमागे.
आकडा जुळला तर नवं वर्ष.
नाही जुळला, तर जितक्या पानांचा फरक
तितके दिवस वाद.
वादाचे दिवस धरायचे नाहीत.
त्या दिवसांत हेलपाटात कुणाचं वय वाढत नाही,
दुधाला विरजण लागत नाही,
फाशी झालेला माणूस दोरीखाली उभा राहून
शेंगदाणे खातो.

तीन वर्षं आम्ही नीट संपवली.
चौथ्याच्या सतराव्या पानाला
लुकमानच्या घराला कुलूप. सुरत. लूमखातं.
तेव्हा आमच्याकडे फोन नव्हता, त्यांच्याकडे पत्ता नव्हता.

ते वर्ष अजून चालू आहे.
तुमच्या हिशेबानं एकतीस झाली.

मी आता भंगाळे कृषी केंद्र चालवतो.
दर डिसेंबरात पाचशे दिनदर्शिका छापून फुकट वाटतो,
वर लक्ष्मी, खाली विद्राव्य खतांची यादी.
लोक खिळ्याला टांगतात, दुधाचे खाडे लिहितात.
मीही त्याच तारखांनी लग्न केलं,
वडिलांना पोहोचवलं, जीएसटी भरतो.
पण थारोळ्याशी जातो.
जुनं खोड कापलं की पिल धरतो, पिलाचं पिल,
आणि पानं पुढे मोजतो.
रोज काय बघता त्या केळात, बायको विचारते.
मी म्हणतो, करपा.

परवा लुकमानचा पुतण्या ठिबकच्या नळ्या न्यायला आला.
नंबर त्यानंच लावला, मोबाइल माझ्या कानाला.
आधी लूमचा खटखटाट. मग एक घसा खाकरला.
कसा आहेस, नाही. ओळखलं का, नाही.

"एकशे सहा," तो म्हणाला.
"इथं पान दिसतं कुठं भो?
लिंबायतच्या नाल्याकाठी एक केळ होतं, तेही गेलं.
दिसलं तेवढं मोजलं."

माझ्याकडे एक हजार तेरा.

दोघंही गप्प. दोघंही वजाबाकी करत होतो,
त्याच्या बाजूला लूम चालू, माझ्या बाजूला पंखा.
नऊशे सात.

पुतण्यानं नळ्या दुचाकीला बांधल्या.
म्हणाला, काका, बिलावर तारीख टाका ना.
मी पेनाचं टोपण काढलं
आणि तसाच बसून राहिलो.