बिघाड या रकान्यात

वार्ड्यला उतरलो तेव्हा सूर्य बुडून सत्तावीस दिवस झाले होते.
यंत्र खोक्यात, खोकं घोंगडीत,
घोंगडी माझ्या मांडीवर, ट्रॉम्सोपासून इथवर,
दुसऱ्याचं पोर सांभाळावं तशी.

आधी सांगून टाकतो, कारण लोक भलतंच समजतात.
तांब्याची पट्टी, कपाळाभोवती बसणारी.
तिच्यातून चौदा तारा,
तारांच्या टोकाला चौदा काचनळ्या, करंगळीएवढ्या.
माणूस विचार करतो, नळ्या पेटतात.
बस.
निळा म्हणजे दुःख, पिवळा म्हणजे लोभ,
असला कोश कंपनीने छापला होता पहिल्या वर्षी,
मग गुपचूप परत मागवला.

खाटेवर हालवार, वय एकोणऐंशी,
हयात कॉडच्या मागे गेलेली,
मार्चपासून जीभ गेलेली.
शेजारी बोर्गहिल, खाली न बघता टोपी विणणारी.
तिने आधी कॉफी विचारली, मग यंत्राची किंमत,
मग हळूच: "यातली मी कुठली?"
"असं नसतं हो."
"असं कसं नसतं," म्हणाली, आणि नवऱ्याला दटावलं,
"लाळ गाळू नकोस, ट्रॉम्सोचे पाहुणे आलेत."
तिसरी आणि नववी नळी उजळली, सायीसारखी,
मग सगळ्याच लुकलुकल्या,
खोड काढून पळालेल्या पोरांसारख्या.
मी लिहिलं: प्रतिसाद उत्तम.

पावणेचारला किनाऱ्याची बोट धक्क्याला लागते.
तिने भोंगा दिला, लांब, एकच.
चौदाच्या चौदा नळ्या विझल्या.
मंद नाही झाल्या.
विझल्या.

मी फ्यूज चाचपला, तार हलवली,
स्वतःलाच म्हणालो, वा, काय उजेड पाडलास.
अकराव्या सेकंदाला सगळ्या परत आल्या,
जणू कुठे गेल्याच नव्हत्या.

दुसऱ्या दिवशी पावणेचार. भोंगा. अकरा.
तिसऱ्या दिवशी नवी बॅटरी, नवा फ्यूज, नव्या तारा,
आणि भोंगा,
आणि अंधारात सुया थांबल्या.
तोवर त्या वाजत होत्या हे मला थांबल्यावर कळलं.

"अठ्ठ्याहत्तर सालचं," बोर्गहिल म्हणाली.
"धुकं होतं. पेडर पाण्यात गेला, ह्याचा धाकटा.
ह्यानं भोंगा द्यायचा, मग दहापर्यंत मोजत कान द्यायचे,
हाक येते का.
पुन्हा भोंगा.
रात्रभर, म्हणे.
म्हणे, कारण मला हे दुसऱ्यांनी सांगितलं.
हा घरी आला, बूट काढले, सूप मागितलं.
मला वाटलं, विसरला.
माणूस विसरतो की."

मन चिंती ते वैरी न चिंती, खरं आहे,
पण मन जेव्हा काहीच चिंतत नाही,
नुसती जागा मोकळी करून देतं एका आवाजापुरती
आणि श्वाससुद्धा बाजूला ठेवतं,
त्याला कुठल्या नळीत भरणार?

चौथ्या दिवशी टोपी पुरी झाली.
राखाडी, जाड, कानांवर घट्ट.
"पट्टीवरून घातली तर चालेल?"
चालेल, म्हणालो.
तिने ती ओढून बसवली, दोन्ही पाळ्या दाबून,
आणि घड्याळाकडे बघत बसली.
वादळाने बोट उशिरा आली, सव्वापाचला.
तोवर नळ्या जळत होत्या, शांत, जरा पिवळट.
भोंगा.
अंधार.
मी मोजत होतो, तीही मोजत असावी,
आमचे दोघांचे ओठ हलत असणार, दिसत नव्हते.

"ऐकू येतं त्याला," नळ्या आल्यावर ती म्हणाली.
आवाजात आनंद नव्हता, दुसरंही काही नव्हतं.
टोपी काढली, उलटी केली,
कानापाशी सुईचं टोक घालून एक टाका उसवला,
मग ओळच्या ओळ.
"इथे सैल करते."

माझ्यासमोर अर्ज होता.
बिघाड. कारण. उपाय.
पहिल्या रकान्यात मी शाईने लिहून बसलो होतो,
अकरा सेकंद, रोज.
लोकर जमिनीवर साचत होती, वाकडी, वाफाळल्यासारखी,
आणि हालवारची पाचवी नळी
तिच्याकडे बघून, की आणखी कशाने,
मिणमिणत होती.