आवक-जावक

खाण बंद पडली तेव्हा
वहीची निम्मी पानं कोरी होती.
ट्रक नंबर. आत. बाहेर. वजन. सही.
पात्रांव म्हणाला, बुधो, तू गेटवर राहा,
पगार येत राहील.
येतो. कधी कधी.

खड्ड्यात सात पावसाळ्यांचं पाणी आहे.
लाल नाही, हिरवंही नाही,
जुन्या बाटलीच्या काचेसारखं.
वैशाखात वरचा ओहोळ आटला,
देवराईतली झर आटली,
की सगळे इकडेच येतात
ट्रकांनी पाडलेल्या उतारावरून,
पहिल्या गिअरात असल्यासारखे.

मीही मग वही उघडली. बसून काय करू.

गवे अकरा. आत, सहा-चाळीस.
पुढे एक म्हातारी, डावं शिंग मोडलेली,
वजनकाट्यावर उभी राहते, मागच्यांची वाट बघत.
गंजलेला काटा तिच्याखाली जरासा कुरकुरतो.

भेकर एक. आत, बाहेर. आत, बाहेर.
शेवटी न पिताच गेलं.
रानडुकरं मोजता आली नाहीत,
चिखलच हलत होता.
पिसोरी फक्त एकदा, डोळ्याचं पातं लवेपर्यंत.
घरी सांगितलं तर शेवंती म्हणाली, घूस असेल.

बिबट्या यायच्या आधी
बेडकांचा आवाज निघून जातो.
तो जिभेने पितो, लपलप,
चुलीपाशी बसणाऱ्या मांजरासारखा.
पलीकडे सांबर, पाय ताणून, तोंड पाण्यात,
पळावं की प्यावं, ठरत नाही, म्हणून पितं.
दोघांनी उठवलेली वर्तुळं
मधोमध जाऊन भिडतात,
जिथे आमचा पोकलेन अजून खाली बुडालेला आहे.
हे कुठल्या रकान्यात लिहू?

परवा मडगावहून दोघे आले, पांढरे बूट घालून.
लिलाव, परवाना, असं काही बोलत होते.
पंप लावले की महिन्यात खड्डा कोरडा.
किती पाणी असेल रे?

मी वही पुढे केली.
एकाने थुंकी लावून पानं उलटली, हसला,
मग विचारलं, वजनाचा रकाना रिकामा का?

म्हटलं, साहेब,
येताना रिकामे येतात, जाताना भरून.
तुमचे ट्रक जायचे, तसेच.

गाडीची धूळ बसेपर्यंत अंधारलं.
म्हातारी आली. काट्यावर थांबली.
आज पाच मिनिटं उशीर.
पेन चालेना. झाडलं,
तळहातावर गिरवलं,
आणि लिहिलं.