चार सेकंद

पोरीने बंगळूरहून आणली काडेपेटीएवढी डबी
आणि कान झाकणारे दोन काळे वाडगे.
म्हणाली, बाबा, यात काही गळत नाही,
स्टुडिओत वाजलं तेवढं सगळं, दाण्याला दाणा.

गेल्याच महिन्यात मडगावच्या डॉक्टरने
माझ्या कानांचा आलेख काढला होता.
चार हजारांपर्यंत सपाट रस्ता
आणि पुढे एकदम खाणीचा खड्डा.
बावीस वर्षं क्रशरवर, मी म्हटलं.
दिसतंय, तो म्हणाला.

तरी रात्री साडेदहाला, कुडचड्याच्या बाल्कनीत,
सुलक्षा मालिका संपवून आडवी झाल्यावर
लावला तोच जुना अल्बम.

आधी शांतता.
आमच्या कॅसेटला शांतता नव्हतीच कधी,
तव्यावर बांगडा टाकल्यासारखी चरचर असायची सुरुवातीला.
ही धुतलेली. हिच्यात कुणीतरी श्वास घेतला.
ढोलवाल्याचं स्टूल करकरलं.
जाड तारेवरून एक बोट घसरलं,
आणि मग लोखंड.
सावर्ड्याच्या धक्क्यावर रिकाम्या बार्जच्या पोटात
पहाटेचा पहिला टिप्पर उलटा व्हायचा, तसं.

झांज काही ऐकू आली नाही.
डबीवरचा हिरवा काटा उड्या मारत होता
म्हणजे असणार.

पण मी थांबलो होतो तिसऱ्या गाण्यासाठी.

मिनिनचा बाप बोटीवर. त्याने आणलेल्या तबकडीवरून
मिनिनने भरली होती ती नव्वद मिनिटांची कॅसेट,
आणि ऐन फेस्ताच्या आदल्या रात्री
प्लेयरने ती चावून खाल्ली.
पेन्सिलीने गुंडाळली, चुरगळलेलं कापलं,
बहिणीच्या नेलपॉलिशने जोडलं.
चार सेकंद गेले.

मिनिन म्हणायचा, तिथेच सैतान बोलतो,
म्हणून मशीनने गिळलं.
त्याच्या आईने प्लेयरवर चॅपेलातलं पाणी शिंपडलं,
मग डावा स्पीकरही गेला.
आम्ही ट्रकच्या केबिनमध्ये ऐकायचो,
आणि ती जागा आली की मिनिन तोंडाने भरायचा:
कधी घंटा, कधी किंकाळी,
कधी उलट्या फिरणाऱ्या दोन गिटारी,
एकदा तर चक्क कुळ्याचा घाट चढणारं इंजिन.
दोनदा एकसारखं कधीच नाही.
पस्तीस वर्षं मी त्या भोकाकडे बघतोय.

आले.

तोच तुकडा होता. आधी चारदा वाजलेला,
पाचव्यांदा.
मी मागे नेलं. पुन्हा नेलं.
ढोलवाला तिथे जरासा मागे पडतो, इतकंच.
एवढ्या थोर माणसांचाही हात दुखला असेल.

मिनिन आता स्विंडनला, गोदामात रात्रपाळी.
त्याला लिहिलं, मिळाले रे ते चार सेकंद.
लगेच दोन निळ्या खुणा.
कितें आसा थंय?

वाडगे काढून मांडीवर ठेवले.
खालून कोळशाची मालगाडी गेली,
सगळे डबे, एकेक करून,
कठड्यावरचा पेला कापत होता.
मी टाइप केलं, तेच आसा.
पुसलं.
काही नाही रे, लिहिलं. तेही पुसलं.

मग लिहिलं,
सुटी झाली की फोन कर.
तोंडाने सांगतो.