ने

जुबैल, सत्त्याहत्तर साल. बंदराचं काम.
मी गोडाऊनचा हिशेबनीस:
सिमेंट, सळई, वेल्डिंगच्या कांड्या.
मा ग्वांग-शिक, वेल्डर, बिल्ला चार हजार सोळा,
दर गुरुवारी येऊन रिकामी गोणी मागायचा.
गोणीचा बाहेरचा कागद मळका, आतला धुळीचा,
मधला मात्र कोरा, शेवयांच्या रंगाचा.

हवाय का, मी मराठीतच विचारायचो. कोण ऐकतंय.
ने, तो म्हणायचा.
त्यांच्यात ने म्हणजे हो.
मीही म्हणायचो, ने.
आमच्यात ने म्हणजे घेऊन जा.
दोन वर्षं व्यवहार या एका अक्षरावर चालला,
पावती न फाडता.

त्या कागदावर तो बराकीतल्यांची पत्रं लिहायचा,
पत्रामागे एक पेप्सी.
बायकोला काय लिहावं सुचत नसे
त्यांना वाक्यं पुरवायचा.
उत्तरं आली की वाचून दाखवायचा,
त्यात थोडं पदरचं.
क्रेनखाली गेलेल्या एकाच्या नावाने
त्याने आणखी तीन पत्रं टाकली, म्हणे,
कंपनीचं कळवणं पोचेपर्यंत.

पुढचं कळलं त्याच्या मुलीकडून.
खारं पाणी गोड करायच्या प्लँटवर ती आली
तोवर माझ्या गोडाऊनला कॉम्प्युटर बसला होता.
बापाने सोलमध्ये अकरा सिनेमे लिहिले,
नऊ दुसऱ्यांच्या नावावर.
एकाचा शेवट सेन्सॉरने कापला,
एकाचा निर्माता पैसे बुडवून परागंदा,
एक शुक्रवारी लागला, मंगळवारी उतरला.
घर आईच्या शिवणयंत्रावर.
अकराव्यात मात्र जुबैल होतं.

कॅन्टीनमध्ये, डाळभाताच्या ताटाशेजारी,
तिने तो लॅपटॉपवर लावला.
वाळू फारच पिवळी.
गोडाऊनवाला म्हणून कुणी कोरियन नट,
तोंडाला काळं फासलेला, मिशी चिकटवलेली,
उणीपुरी तीन मिनिटं.
पण गोणीतला मधला कागद सोडवताना
बोट जिभेला लावत होता, डावं,
माझ्यासारखं.
मग म्हणाला, ने.

इथे थिएटरात हशा पिकतो, मुलगी म्हणाली,
परदेशी माणूस आमच्यातलं हो म्हणतो म्हणून.

मी भात कालवत राहिलो.

बाबांनी समासात काहीतरी लिहिलं होतं तिथे,
ती लॅपटॉप मिटताना म्हणाली, तिची शिफ्ट होती,
दिग्दर्शकाला काही उमगलं नाही, मलाही नाही:
हा माणूस हो म्हणत नाहीये.