रकाना नऊ

खंडपीठाचं पत्र आलंय नांदेडला.
पाच वर्षांवरच्या प्रकरणांची यादी हवी,
नमुना सोबत जोडलाय.
रकाना नऊ : विलंबाचं कारण.
रुंदी दीड इंच.

साहेब म्हणाले, खंदारे, उद्या बारापर्यंत.
मी कपाट उघडलं, लाल कापडावरची धूळ फुंकली
आणि महानंदा मठपती, राहणार लोहा,
पुन्हा एकदा टेबलावर आली.

मुलीच्या ताब्याचा अर्ज. परिच्छेद चार :
‘मुलगी शिवकन्या, वय वर्षे चार,
तिला आईच्या सहवासाची नितांत गरज आहे.’
पहिली तारीख मीच टाकली होती, निळ्या शाईत.

रोजनामा उलटत जातो.
सामनेवाला गैरहजर.
सामनेवाला हजर, वकील गैरहजर.
मुदतीचा अर्ज मंजूर, खर्च दोनशे.
नोटीस परत, घराला कुलूप.
न्यायाधीशांची बदली; पद रिक्त, चौदा महिने.
टाळेबंदी.
नवे साहेब, म्हणून समुपदेशन पुन्हा पहिल्यापासून.
मध्येच एका पानावर चहाच्या पेल्याचा गोल डाग.
तो बहुतेक माझाच.

जे रोजनाम्यात नाही ते असं :
महानंदाबाई लोह्याच्या पहिल्या गाडीनं यायच्या,
धपाट्यांचा डबा, आणि कागदात गुंडाळलेला एक फ्रॉक.
माप कुठून घेणार, अंदाजानंच शिवलेला.
बालकक्षात लेकीच्या अंगाला लावून बघायच्या.
दर वेळी चार बोटं आखूड.
तिथला प्लास्टिकचा घोडा अजून आहे,
एक कान तुटलेला.
त्याच्यावर बसून शिवकन्येचे पाय आधी लोंबायचे,
मग टेकायला लागले,
मग ती खिडकीपाशी उभी राहायला लागली.

मागच्या सोमवारी तीच आली माझ्या खिडकीवर.
आईपेक्षा वीतभर उंच.
“काका, दिवाळीत मला अठरा पूर्ण व्हायलेत.
मग ही केस राहती का?”
नाही म्हटलं. मग अर्ज निरर्थक ठरतो.
“काहून?”
मी कलम सांगितलं.
ती ऐकत होती, घोड्याकडं बघत.

खंडपीठ म्हणतं, सहा महिन्यांत निकाली काढा,
अनुपालन कळवा.
दिवाळीला चारच महिने आहेत.
म्हणजे कळवता येईल.
निकालीच्या खान्यात एक आकडा वाढेल,
आणि कुणी विचारणार नाही
की निकाल कुणी दिला.

वरच्यांना मी दोष देत नाही.
त्यांनी विचारलं तरी.
इतकी वर्षं मला तर कुणी हेही विचारलं नव्हतं,
आणि मी रोज तारीख देत होतो, हसून,
‘या पुढच्या महिन्यात’ म्हणत,
सोयरिकीला बोलावल्यासारखा.

रात्री साडेआठला पेन्सिलीनं लिहिलं
रकाना नऊमध्ये :
मुलगी वाढत होती, आम्हाला मापच नव्हतं.
वाक्य रेषेबाहेर गेलं.
खोडलं. वर पेनानं भरलं :
पद रिक्त. समुपदेशन प्रलंबित.

कागदाला बोट लावलं तर
खाली अजून लागतंय काहीतरी.
झेरॉक्समध्ये येत नाही म्हणा.